पोपडेवहिनीची निळी भिंत

पोपडेवहिनी शाळेतल्या थोरल्यांच्या भिंतीवरचा निळा रंग खरवडून विकते, ही बातमी आमच्या गल्लीत पहिल्यांदा माझ्या शिवणाच्या दुकानात आली. आणि माझ्या दुकानात आलेली बातमी मुक्कामाला थांबत नाही. चहाचा कप रिकामा होईपर्यंत ती कोपरा ओलांडून गेलेली असते. पुरावेही भक्कम होते. एक तर वहिनी रोज दुपारी घरामागच्या गटारात डब्यातलं निळं पाणी ओतताना दिसायची. दुसरं, कोपऱ्यावरच्या दुकानदाराने गळ्याची आण घेऊन सांगितलं, की ही बाई महिन्याला टाचा घासायच्या तीन-तीन वजऱ्या नेते. आता वहिनीच्या टाचा सगळ्या गल्लीने बघितल्या आहेत. आटलेल्या तळ्याच्या तळाला पडतात तशा भेगा. मग वजऱ्या जातात कुठे?

बातमी निम्मी खरी निघाली. खरवडत ती होतीच. विकत मात्र नव्हती. विकणारी बाई तोच रंग गटारात कशाला ओतेल, हा साधा प्रश्न आमच्यापैकी एकालाही पडला नाही. पडला असता तर बातमीची सगळी मजाच गेली असती.

जे आमच्याकडचे नाहीत त्यांना आधी एक सांगायला हवं. आमच्याकडे लावलेला रंग नजरेने झिजतो. झाडाचं पान, माणसाची कातडी, आभाळ, यांना काही होत नाही. ज्यात जीव आहे किंवा जे कुणी रंगवलेलं नाही ते आपलं आपण टिकतं. पण भिंतीला, दाराला, कापडाला माणसाने दिलेला रंग बघून बघून पातळ होतो. दुकानांच्या पाट्या म्हणूनच दर पंधरा दिवसांनी नव्या कराव्या लागतात. नवा कपडा घातलेल्या माणसाकडे आमच्यात एकदाच बघतात, छान म्हणतात आणि नजर वळवतात; जास्त बघणारा तो असंस्कृत. गल्लीच्या टोकाला एक देखणी मुलगी राहायची, तिच्या खिडकीची चौकट वर्षातून चारदा रंगवावी लागे, आणि तिच्या बापाला कारण कळत नसे. माझ्या दाराचा हिरवा रंग अकरा वर्षं जसाच्या तसा आहे. मला भेटायला किती लोक येतात ते यावरून समजावं.

शाळा उभी आहे ती या झिजण्यावरच. गावाच्या चढावर लांबट बैठी इमारत, चाळीस विद्यार्थी, आणि प्रत्येकापुढे भिंतीवर हातभर लांब, हातभर रुंद अशी एका रंगाची चौकट. विद्यार्थ्याने सकाळी बसायचं आणि त्या चौकटीकडे बघायचं. बस्स. माझ्यासारख्याने दिवसभर बघितलं तर रंगाला ओरखडाही उठत नाही, कारण मी भिंतीकडे बघताना मनाने कुठल्या तरी शेजाऱ्याच्या स्वयंपाकघरात असतो. शाळेचं म्हणणं असं, की नजर ही उचलणारी गोष्ट आहे. आपण जे बघतो त्यातलं थोडं थोडं उचलत जातो आणि अर्धवट टाकून देतो, म्हणून जन्मभर भुकेले राहतो. एकच गोष्ट शेवटपर्यंत बघून संपवावी, आणि खालचा कोरा गिलावा दिसला की मग उठावं. पिवळा सगळ्यात सोपा, कारण पिवळ्याकडे कुणीही बघतं. मग तांबडा, मग हिरवा, मग मातकट. तो महाकठीण, कारण मातकटाकडे बघावं असं कुणालाच वाटत नाही. आणि शेवटी निळा. निळ्याच्या पुढे काही नाही. तिथे पोचलेल्याने तिथेच बसायचं आणि रोजची चौकट रोज संपवायची.

संपली की नाही हे ठरवायचीही एक रीत आहे. डोळ्यांनी घेतलेलं डोळ्यांना विचारू नये, हाताला विचारावं, असं शाळेत म्हणतात. संध्याकाळी प्रत्येकजण डोळे मिटून आपल्या चौकटीवर तळवा ठेवतो. रंग जाड असेल तर भिंत गुळगुळीत लागते, रंग गेला असेल तर गिलाव्याची खरखर लागते. महिन्याला एकदा पाच परीक्षक येतात, तेही डोळे मिटून तळवाच लावतात. ज्याची भिंत महिनाभर झिजली नाही त्याला उचलून परत पिवळ्यावर बसवतात, मग तो कितीही मोठा असो. ‘पिवळ्यावर बसणं’ हा आमच्याकडे शिव्यांमध्ये मोडणारा शब्दप्रयोग आहे.

या चाळीस चौकटी रोज पहाटे रंगवणारी ती आमची पोपडेवहिनी. तिच्या केसांत कायम रंगाचा एखादा पोपडा अडकलेला असतो म्हणून हे नाव. हे नाव मी ठेवलेलं नाही, असं मी सगळ्यांना सांगतो.

तिचा बाप हेच काम करायचा. तिला त्याने लहानपणीच खल-बत्त्यापुढे बसवलं, पण निळ्याला हात लावू दिला नाही. निळा दगड कुटून, वस्त्रगाळ करून, डिंकाच्या पाण्यात तो इतका घोटावा लागतो की बोटांच्या चिमटीत धरला तर आहे की नाही ते कळू नये. सोळाव्या वर्षी बापाने तिचे डोळे बांधले आणि दोन वाट्यांतल्या रंगांत नख बुडवायला लावलं. कुठला घोटलेला आणि कुठला कच्चा ते तिने सांगितलं, तेव्हा कुठे निळी बादली हाती दिली.

लग्नाची गोष्टही रंगाचीच आहे. नवरा चाळण्या बनवतो. हिने त्याच्याकडून एक बारीक चाळण नेली आणि तिसऱ्या दिवशी भांडायला परत आली. “ही चाळण आहे की खिडकी? यातून दगडासकट मी पण जाईन.” तो म्हणाला, “जाऊन दाखवा.” पुढचं सांगायला नको. आता तोच तिचा रंग चाळतो आणि रोज सकाळी शिंकतो. त्याच्या शिंकेचा रंग बघून त्या दिवशी शाळेत काय लागणार ते आम्हाला कळतं.

या बाईला गर्विष्ठ म्हणणारे गल्लीत पुष्कळ आहेत. समोर उभी राहून बोलली तरी नजर तिरकी, आपल्या कानाच्या पलीकडे कुठेतरी. तो गर्व नाही, हाताला जडलेली सवय आहे. रंगवणाऱ्याने रंगाकडे रोखून बघितलं तर लावता लावताच रंग झिजवून बसेल, म्हणून भिंत रंगवताना तोंड बाजूला वळवायचं आणि कुंचल्याच्या आवाजावर हात चालवायचा. तीस वर्षं असं केल्यावर मान सरळ होत नाही. एकदा मी म्हटलं, “वहिनी, निदान शेजाऱ्याकडे तरी सरळ बघावं.” तर म्हणते कशी, “बघितलं असतं भावजी, पण तुमच्या अंगावरचा सदरा आधीच विरलाय. उरलासुरला माझ्यामुळे जायला नको.” स्वतः शिंपी असून हे ऐकून घ्यावं लागलं.

आता थोरल्यांकडे येतो. थोरले म्हणजे शाळेचे मुख्य. निळ्यापुढे एकोणीस वर्षं बसलेला माणूस. वहिनीचा बाप गेला तेव्हा शाळेतले म्हणत होते की बाईच्या हाताला निळा पेलणार नाही, बाहेरून माणूस आणा. थोरले तेव्हा थोरले नव्हते, मातकटावर अडकलेले एक साधे विद्यार्थी होते. ते उठले, आदल्या महिनाभरात रंगवलेल्या आणि अजून न झिजलेल्या सगळ्या चौकटींवर तळवा फिरवून आले आणि म्हणाले, “यातल्या निम्म्या बापाने रंगवल्यात, निम्म्या मुलीने. कुठल्या कुणाच्या ते ज्याला सांगता येईल त्याने बाहेरचा माणूस आणावा.” कुणालाच सांगता आलं नाही. वहिनीचं काम राहिलं. याबद्दल ती कधी काही बोलली नाही, पण थोरल्यांची चौकट ती सगळ्यात शेवटी, हात चांगला तापल्यावर रंगवायची. तीन हात. पहिला वाळल्यावर दुसरा, दुसरा वाळल्यावर तिसरा.

तीनेक वर्षांपूर्वी एका पहाटे ती थोरल्यांच्या खोलीत बादली घेऊन गेली आणि बघते तर काय, आदल्या दिवशी लावलेला निळा तसाच्या तसा. इतक्या वर्षांत असं झालं नव्हतं. तिला वाटलं, बरं नसेल. दुसऱ्या दिवशी तेच. तिसऱ्या दिवशी ती मुद्दाम थांबली. थोरले आले ते पावलं मोजत आले आणि दारातल्या बादलीत पाय घातला. वहिनीने तिरक्या नजरेने त्यांच्या डोळ्यांकडे बघितलं. दोन्ही बुबुळांवर दुधाची साय धरावी तसं काहीतरी धरलं होतं.

“भिंत कशी आहे?” त्यांनी रोजच्यासारखं विचारलं.

“ओली आहे,” तिने रोजच्यासारखं सांगितलं.

महिन्याच्या शेवटी परीक्षक येणार होते. तळवा लावणार, भिंत गुळगुळीत लागणार आणि सत्तरी ओलांडलेल्या या माणसाला काल आलेल्या पोरापोरींच्या रांगेत पिवळ्यावर बसवणार. वहिनीने कुणाला विचारलं नाही. दुपारी जेवणाची घंटा झाली, सगळे जेवायला गेले, तेव्हा ती ओलं फडकं आणि वजरी घेऊन खोलीत शिरली आणि थोरल्यांची चौकट घासून काढली. थेट गिलाव्यापर्यंत. निळं पाणी डब्यात पिळून घरी आणलं आणि गटारात ओतलं. दुसऱ्या दिवशी पुन्हा. तिसऱ्या दिवशी पुन्हा. असं दोन वर्षं. नवऱ्यालासुद्धा सांगितलं नाही. त्याने एकदा फक्त विचारलं, “हल्ली जेवायला उशीर का गं होतो?” ती म्हणाली, “तुमच्या चाळणीमुळे.” बिचाऱ्याने दोन चाळण्या नव्या केल्या.

हे सगळं मला कसं कळलं? माझ्याच तोंडामुळे.

गेल्या हिवाळ्याच्या सुरुवातीला शाळेतून माझ्याकडे काम आलं. चाळीस पट्ट्या, दुहेरी काळ्या कापडाच्या, मागे बांधायला नाड्या. मी विचारलं, कशाला, तर निरोप आणणाऱ्या विद्यार्थिनीने डोळे विस्फारून सांगितलं, “थोरले सभेत मोठी गोष्ट सांगणार आहेत. त्यांना दोन वर्षं दिसत नाही. तरी भिंत रोज झिजते. म्हणजे नजर डोळ्यांत नसतेच! पुढच्या महिन्यापासून आम्ही सगळे डोळे बांधून बसणार.” एवढी बातमी हातात पडल्यावर ती कुणाला सांगितल्याशिवाय मला पाणी तरी गोड लागेल का? मी सुई तशीच कापडात टोचून शेजारी गेलो. वहिनी ओट्यावर बसून कुंचले धूत होती, नवरा चाळणीच्या कडेला तार गुंडाळत होता. मी सगळं तिखटमीठ लावून सांगितलं.

वहिनीच्या हातातला कुंचला पाण्यात तसाच राहिला.

“त्यांना वाटतंय की...” ती म्हणाली आणि थांबली. मग म्हणाली, “अरे देवा. मीच घासते ती भिंत.”

मग तिने पहिल्यापासून सगळं सांगितलं. मी खाली बसलो. खोटं कशाला बोलू, पहिला विचार माझ्या मनात आला तो असा, की रंग विकण्याची बातमी आता मागे घ्यावी लागणार.

नवऱ्याने हातातली तार गुंडाळून संपवली. मग म्हणाला, “हे बघ, झालं ते झालं. म्हातारा सुखात आहे. तू गप्प राहा. त्या पोरांना कळेल चार दिवसांत की डोळे बांधून काही झिजत नाही.”

“आणि भिंत झिजली नाही म्हणून त्यांना पिवळ्यावर बसवलं की?”

“ती पिवळ्यावरच आहेत बरीचशी.”

“हिरव्यावर आठ आहेत. मातकटावर तिघं. सहा-सहा वर्षं घातलीत त्यांनी.”

“मग तू घास त्यांच्यापण,” नवरा वैतागून म्हणाला आणि स्वतःच दचकला. “चाळीस भिंती! अगं, वजऱ्यांची गाडीच मागवावी लागेल.”

मला हसू आलं. वहिनीला आलं नाही. ती म्हणाली, “त्यांना सांगायला पाहिजे. सभेच्या आधी.”

“सांगितलंस तर तुझं काम जाईल,” नवरा म्हणाला. “आणि म्हाताऱ्याचं जे जाईल ते वेगळंच. दोन वर्षं तो ज्यावर जगलाय ते तू एका दुपारी काढून घेणार.”

“हो,” वहिनी म्हणाली, “तेच तर.” आणि कुंचला झटकून उठली.

दुसऱ्या दिवशी दुपारी ती निघाली तेव्हा मी पट्ट्यांचं गाठोडं घेऊन बरोबर निघालो. पोचवायच्या होत्याच. शिवून झाल्या नव्हत्या, ही गोष्ट वेगळी.

थोरल्यांची खोली म्हणजे फार काही नाही. एक चटई, एक पाण्याचा तांब्या, उंचावर एक झरोका, आणि समोर ती निळी चौकट. मी आजवर तिथे गेलो नव्हतो. पहाटेचा ताजा निळा होता, न घासलेला. मी चटकन नजर खाली केली. एवढ्या निगुतीने लावलेल्या रंगातला कणभरही माझ्यासारख्याने नेऊ नये असं वाटलं. असं मला क्वचितच वाटतं. थोरले त्या दिवशी जेवायला गेले नव्हते. भाषणाची जुळवाजुळव करत बसले होते.

“भिंत कशी आहे?” पावलं ओळखून त्यांनी विचारलं.

“आहे तशी आहे,” वहिनी म्हणाली. “सकाळी लावली तशी. तुम्ही हात लावून बघा.”

“संध्याकाळी लावतात.”

“आज आत्ता लावा.”

त्यांनी हात पुढे केला. तळवा निळ्यावर सरकला, थांबला, पुन्हा सरकला. “गुळगुळीत आहे,” ते म्हणाले. “अजून अर्धा दिवस आहे. दुपारनंतर झिजतो. हल्ली नेहमी दुपारनंतरच.”

“दुपारनंतर नाही. दुपारी. जेवणाच्या घंटेत. मी घासते म्हणून.”

वहिनीने त्यांच्या हातात वजरी दिली. त्यांनी बोटांनी ती सगळीकडून चाचपली. मग तिने त्यांचा हात धरून चौकटीच्या एका कोपऱ्यात वजरी चार वेळा ओढली, ओल्या फडक्याने पुसलं आणि त्यांचा तळवा तिथे ठेवला.

मी आजवर पुष्कळ माणसांची मापं घेतली आहेत. माणूस आतून खचला की खांदे किती उतरतात ते मला अर्ध्या बोटाच्या हिशेबात सांगता येतं. थोरल्यांचे उतरले नाहीत. ते नुसते कोपऱ्यातल्या त्या घासल्या जागेवर बोट फिरवत राहिले. डावीकडून उजवीकडे, डावीकडून उजवीकडे.

“या रेषा,” ते म्हणाले.

“वजरीच्या आहेत. नजरेने झिजतं ते मधून, पायरी झिजते तसं. रेषा पडत नाहीत. मी उजव्या हाताने ओढते म्हणून अशा तिरक्या.”

“मला वाटलं, निळ्याच्या पोटात काहीतरी लिहिलेलं आहे,” थोरले म्हणाले. “दोन वर्षं मी ते वाचतोय. पोरांना शिकवलंय मी, की निळा डावीकडून उजवीकडे वाहतो. बत्तीस पानं सांगितलीत लिहून घ्यायला.”

मला इथे हसू आलं असतं, तर माझी जीभ झडली असती. वहिनी मात्र म्हणाली, “वाहतोच की. माझ्या हाताबरोबर.”

आणि थोरले हसले. मोठ्याने नाही, पण पोटातून हलत. हसता हसता डोळ्यांना पाणी आलं आणि ते त्यांनी पुसलं नाही. मग शांत झाले आणि विचारलं, “मग दोन वर्षं मी कुठे होतो?”

“इथेच. भिंतीपुढे. रोज, वेळेवर.”

“भिंतीने माझ्याकडून काही घेतलं नाही, मी भिंतीकडून काही घेतलं नाही.”

“ते मला नाही कळत,” वहिनी म्हणाली. “पण आधी तुम्ही दारातून आलात की ‘भिंत कशी आहे’ विचारून सरळ बसायचात. या दोन वर्षांत तुम्ही माझी पावलं ओळखायला लागलात. कुठल्या दिवशी डिंक जास्त झाला ते वासावरून सांगायला लागलात. हे कुठून आलं ते मी काय सांगू? भिंतीतून आलं नाही, एवढं मला माहीत आहे. भिंत मी घासत होते.”

झरोक्यातून येणारं ऊन चटईवरून सरकून तांब्याला लागलं. बाहेर जेवणाहून परतणाऱ्या पोरांचा गलका ऐकू यायला लागला. मग थोरल्यांनी वजरी परत तिच्या हातात दिली आणि मला म्हणाले, “शिंपीदादा, पट्ट्या किती झाल्या?”

मी येऊन उभा आहे हे त्यांना सांगितलंच नव्हतं कुणी. “अठरा,” मी म्हणालो. खऱ्या नऊच झाल्या होत्या.

“नऊवर थांबा,” ते म्हणाले. आजवर मला कळलेलं नाही, त्यांना कसं कळलं.

सभा व्हायची ती झालीच. गावातले निम्मे लोक भिंतीच्या भोकांना कान लावून उभे होते. मी दारातच होतो. पट्ट्या परत न्यायच्या होत्या ना. थोरले उभे राहिले आणि त्यांनी सगळं सांगितलं. दिसेनासं झालं तेव्हा वाटलेली भीती सांगितली. भिंत गुळगुळीत लागेल म्हणून पहिले दोन-तीन दिवस संध्याकाळ होऊच नये असं वाटायचं, ते सांगितलं. खरखर लागली तेव्हा आनंदाने झोप उडाली, ते सांगितलं. “मला जे हवं होतं तेच माझ्या हाताला लागत होतं,” ते म्हणाले, “आणि हवं ते लागलं की माणूस पुन्हा तपासत नाही. बत्तीस पानं फाडू नका. त्यांच्यावर लिहा, की हे एका बाईच्या हाताचं वर्णन आहे. वर्णन म्हणून ते अचूक आहे.” मग ते पावलं मोजत पहिल्या दालनात गेले आणि पिवळ्या रांगेत, दाराजवळच्या रिकाम्या जागेवर, जाऊन बसले. कुणी बसवायच्या आत.

तिथे ते अजून बसतात. पहिले काही दिवस पोरं ओशाळून गप्प असायची. मग शेजारी बसणाऱ्या एका मुलीला त्यांनी विचारलं, “तुझा पिवळा आज कसा आहे?” ती म्हणाली, “पिवळा आहे.” ते म्हणाले, “आणखी?” ती दुपारपर्यंत बघत राहिली, मग सांगायला लागली: वर जरा दाट आहे, मधे उन्हात वाळल्यासारखा, इथे कुंचल्याचा एक केस चिकटलाय. असं कधी कुणी कुणाला सांगितलं नव्हतं. शाळेत बघायचं असतं, बोलायचं नसतं. आता त्या रांगेतल्या चौकटी पूर्वीपेक्षा लवकर झिजतात असं म्हणतात. मी मोजलेलं नाही. सांगोवांगी सांगतो आहे, आणि माझ्या सांगोवांगीचं काय होतं ते तुम्ही पहिल्याच ओळीत बघितलं आहे.

राहिली वहिनी. तिचं काम गेलं नाही हे आधीच सांगून टाकतो, उगाच कुणाचा जीव टांगणीला नको. पण सभेच्या तिसऱ्या दिवशी पाच परीक्षकांनी तिला बोलावून घेतलं. नवरा बरोबर गेला, मी नवऱ्याला धीर द्यायला गेलो. लांब टेबलामागे पाचजण ओळीने बसले होते, चेहरे असे की जणू घरातलं कुणी गेलंय. वहिनी समोर उभी राहिली, नजर नेहमीसारखी तिरकी, त्यांच्या डोक्यांवरून पलीकडच्या खिडकीकडे. नवऱ्याने चाळणीची एक रिकामी कड बरोबर आणली होती आणि ती हातात गोल गोल फिरवत होता. थोरल्यांनी निरोप पाठवला होता, की हिला काढलंत तर पिवळ्यावरून मीही उठेन. त्यामुळे काढायचं कुणाच्या मनात नव्हतं, पण रागवल्याशिवाय सोडायचंही नव्हतं.

पाचांतले सगळ्यात वयस्कर परीक्षक म्हणाले, “बाई, तुझा हेतू वाईट नव्हता हे आम्ही मानतो. पण शाळेचा आधार तळव्यावर आहे. तू दोन वर्षं तळव्याला फसवलंस. थोरल्यांच्या आणि आमच्याही. आमच्या रीतीवरचा लोकांचा विश्वास गेला. याबद्दल तुला काही म्हणायचं आहे?”

नवरा माझ्या कानात पुटपुटला, “आता ही माफी मागेल.” मी म्हटलं, “तुमचं लग्न होऊन किती वर्षं झाली?”

वहिनी म्हणाली, “दर महिन्याला तुम्ही पाचजण यायचात, डोळे मिटून हात लावायचात आणि जायचात. मी बादली घेऊन तिथेच उभी असायचे. तुमच्यातल्या एकाने जरी डोळे उघडून ती भिंत बघितली असती ना, तर दोन वर्षं मी दुपारची वेळेवर जेवले असते.”